'द इमिटेशन गेम' आणि खरा ॲलन ट्युरिंग : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

'द इमिटेशन गेम' पाहून झाला की लोक साधारण तेच तेच विचारतात. हे खरंच असं घडलं होतं का, ते यंत्र नेमकं काय करत होतं, आणि युद्धात एवढं काम केलेल्या माणसाशी त्याचाच देश असा का वागला? उत्तरं खाली आहेत. पुढे कथानक उघड होतं, त्यामुळे चित्रपट अजून पाहिला नसेल तर पहिल्या तीन प्रश्नांवर थांबा.

चित्रपट कशाबद्दल आहे?

दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्याचे सांकेतिक संदेश उलगडणाऱ्या ब्रिटिश तुकडीबद्दल, आणि त्यातल्या ॲलन ट्युरिंग या गणितज्ञाबद्दल. मॉर्टन टिल्डम या नॉर्वेच्या दिग्दर्शकाचा हा २०१४ सालचा चित्रपट. ट्युरिंगच्या भूमिकेत बेनेडिक्ट कंबरबॅच आहे आणि जोन क्लार्कच्या भूमिकेत किरा नाइटली. आठ ऑस्कर नामांकनं होती. त्यातलं एक, रूपांतरित पटकथेचं, ग्रॅहम मूरला मिळालं. मूळ आधार अँड्र्यू हॉजेस यांनी १९८३ साली लिहिलेलं चरित्र. गोष्ट तीन काळांत पुढेमागे फिरते: शाळेतला ट्युरिंग, युद्धातला ट्युरिंग आणि पोलीस चौकशीला सामोरा जाणारा ट्युरिंग.

गणित येत नसेल तर कळेल का? मुलांना दाखवावा का?

गणित जवळजवळ नाहीच. दहावीच्या पुढच्या मुलांना खुशाल दाखवा. उघड दृश्यं नाहीत, पण समलैंगिकता, शिक्षा आणि आत्महत्या हे विषय आहेत. प्रश्न येतील, त्यांची तयारी ठेवा.

हे नाव कुठून आलं?

ट्युरिंगच्या १९५० सालच्या लेखातून. यंत्र विचार करू शकतं का, या प्रश्नावर वाद घालत बसण्याऐवजी त्याने एक खेळ सुचवला: पडद्याआड माणूस आहे की यंत्र, हे फक्त लेखी प्रश्नोत्तरांवरून ओळखायचं. आज आपण ज्याला ट्युरिंग टेस्ट म्हणतो ती हीच. युद्धातल्या कामाशी त्याचा थेट संबंध नाही.

एनिग्मा म्हणजे नेमकं काय होतं?

जर्मनांचं, संदेश सांकेतिक करणारं यंत्र. टाइपरायटरसारखं दिसणारं, पेटीत मावणारं. एक कळ दाबली की वर दुसऱ्याच अक्षराचा दिवा लागायचा. आतमध्ये तीन फिरती चक्रं असायची. त्यांना रोटर म्हणत. दर कळीला रोटर पुढे सरकायचे, म्हणून एकच अक्षर लागोपाठ तीनदा दाबलं तरी तीन वेगळी अक्षरं निघू शकत. समोरच्या बाजूला प्लगबोर्ड होता. त्यावर वायरी लावून अक्षरांच्या दहा जोड्यांची अदलाबदल करायची. पाचपैकी कुठले तीन रोटर, कुठल्या क्रमाने, कुठल्या अक्षरावर आणि कुठल्या वायरी, हे सगळं मिळून शक्यता होतात १५,८९,६२,५५,५२,१७,८२,६३,६०,०००. म्हणजे सुमारे सोळा लाख कोटी कोटी. मांडणी रोज बदलायची. आज सापडलेली किल्ली उद्या निरुपयोगी.

पण यंत्रात एक खोट होती. विद्युतप्रवाह रोटरमधून जाऊन रिफ्लेक्टरवरून परत फिरायचा, आणि त्यामुळे कुठलंही अक्षर स्वतःच स्वतः म्हणून कधीच बाहेर पडत नसे. ए दाबल्यावर काहीही मिळेल, ए मिळणार नाही. पुढचं बरंच काही या खोटीवर उभं राहिलं.

मग ते फोडलं कसं? चित्रपटात तर पार्टीत कोणीतरी काहीतरी बोलतं आणि सगळे धावत सुटतात.

ते दृश्य सुंदर आहे आणि जवळजवळ पूर्णपणे रचलेलं आहे. संदेशात कुठला मजकूर असणार याचा अंदाज बांधायचा आणि त्यावरून मांडणी शोधायची, ही युक्ती एनिग्मा फोडण्यासाठी ट्युरिंगने आखलेल्या यंत्राच्या आराखड्यात पहिल्या दिवसापासून होती. किंबहुना ते यंत्र त्या अंदाजाशिवाय चालतच नसे.

जर्मन शिस्तीचे होते. हवामानाचा अहवाल ठरलेल्या वेळी, ठरलेल्या शब्दांत जायचा. काही ठाणी दिवसेंदिवस 'विशेष काही घडलं नाही' एवढाच संदेश पाठवायची. असा अंदाजाचा मजकूर पकडलेल्या संदेशाखाली सरकवत न्यायचा. कुठेही वरचं आणि खालचं अक्षर सारखं आलं तर ती जागा चूक, कारण वरची खोट. जागा बसली की दोन ओळींतल्या अक्षरांचे आपापसांतले संबंध काढायचे आणि ते यंत्राला जोडून द्यायचे.

पुढचं काम यंत्राचं, आणि ते उलट्या बाजूने चालायचं. सुडोकूत एखाद्या चौकटीत पाच धरून पुढे गेलात आणि चार घरांनंतर त्याच ओळीत दुसरा पाच आला, तर पहिला पाच चूक हे कळतं ना, तसंच. रोटरच्या एकेका स्थितीसाठी यंत्र गृहीत धरायचं की अमुक अक्षर तमुक अक्षराशी जोडलेलं आहे. त्यातून विसंगती निघाली की ती स्थिती बाद. एका रोटर-क्रमाच्या १७,५७६ स्थिती अशा झपाट्याने तपासल्या जायच्या आणि मोजक्या उरायच्या. त्या माणसं हाताने पडताळून पाहत. यंत्र बरोबर उत्तर शोधत नव्हतं, चुकीची उत्तरं फेकून देत होतं. माझ्या मते ट्युरिंगची खरी प्रतिभा इथे दिसते, आणि चित्रपटात नेमकी हीच गोष्ट कुठे समजावलेली नाही.

हे सगळं ट्युरिंगने एकट्याने केलं?

नाही. सर्वांत मोठा अन्याय पोलंडवर झाला आहे. मारियन रेयेव्स्की, येझी रुझित्स्की आणि हेन्रिक झिगाल्स्की या तीन तरुण पोलिश गणितज्ञांचं काम युद्धाच्या कितीतरी आधीचं. रेयेव्स्कीने १९३२ च्या डिसेंबरातच एनिग्माच्या आतल्या वायरींची रचना गणिताने शोधून काढली. १९३८ मध्ये त्यांनी स्वतःचं यंत्रही बनवलं. जर्मनी चढाई करणार हे दिसू लागल्यावर २५ आणि २६ जुलै १९३९ ला वॉर्साजवळच्या पिरीच्या जंगलात त्यांनी ब्रिटिश आणि फ्रेंचांना सगळं सांगून टाकलं. पाच आठवड्यांत पोलंडवर हल्ला झाला. चित्रपटात हे सगळं एका ओझरत्या उल्लेखात उरकलं आहे.

दुसरं नाव गॉर्डन वेल्चमन. त्याने ट्युरिंगच्या यंत्राला 'डायगोनल बोर्ड' जोडला. ए अक्षर बी शी जोडलेलं असेल तर बी ए शी जोडलेलं असणारच, एवढी साधी गोष्ट वापरून त्याने यंत्राची ताकद कित्येक पटींनी वाढवली. चित्रपटात वेल्चमन नाहीच. यंत्र प्रत्यक्षात बांधलं ते हॅरॉल्ड कीन या अभियंत्याने, लेचवर्थच्या कारखान्यात. तोही नाही. आणि १९४२ मध्ये चार रोटरच्या नव्या एनिग्मामुळे जर्मन पाणबुड्यांचे संदेश दहा महिने वाचता येत नव्हते. ती कोंडी फुटली ती बुडत्या यू-५५९ पाणबुडीतून कागदपत्रं वर काढल्यामुळे. ती काढताना टोनी फॅसन आणि कॉलिन ग्रेझियर हे दोन ब्रिटिश नौसैनिक पाणबुडीबरोबर बुडाले.

ही तुकडी जिथे काम करायची त्या ब्लेचली पार्कमध्ये युद्धाच्या अखेरीस नऊ-दहा हजार माणसं काम करत होती आणि त्यात सुमारे तीन चतुर्थांश स्त्रिया होत्या. यंत्रं चालवणाऱ्या बहुतेक नौदलाच्या तरुणी. पडद्यावर मात्र एका खोलीतली पाच-सहा माणसं.

यंत्राचं नाव 'क्रिस्टोफर' होतं का?

नव्हतं. त्या यंत्रांना 'बॉम्ब' म्हणत. पोलिश यंत्राच्या नावावरूनच. १९४० च्या मार्चमध्ये बसवलेल्या पहिल्याचं नाव 'व्हिक्टरी'. युद्ध संपेपर्यंत अशी दोनशेहून अधिक झाली, म्हणजे एक लाडकं यंत्र आणि त्याला बिलगलेला शास्त्रज्ञ हे चित्रही कल्पनेतलंच.

क्रिस्टोफर मॉरकॉम हा मित्र मात्र खरा. शेरबोर्नच्या शाळेतला, ट्युरिंगपेक्षा थोडा मोठा, गणित-विज्ञानात हुशार. १३ फेब्रुवारी १९३० ला तो क्षयाने गेला. चित्रपटातला कोवळा ट्युरिंग बातमी कळल्यावर आपली फारशी ओळख नव्हती असं म्हणतो आणि भावना गिळून टाकतो. खरा ट्युरिंग क्रिस्टोफरच्या आईला पुढे कित्येक वर्षं पत्रं लिहीत राहिला, त्यांच्या घरी राहायला गेला. मॉरकॉम कुटुंबाने मुलाच्या नावाने शाळेत विज्ञानाचं पारितोषिक ठेवलं, ते ट्युरिंगनेही मिळवलं.

तो खरंच इतका तुसडा होता का?

इथे माझी चित्रपटाबद्दलची मुख्य तक्रार आहे. तारखा चुकल्या, पात्रं गाळली, हे सिनेमात चालायचंच. पण ज्या माणसाला जगाने समजून घेतलं नाही म्हणून चित्रपट हळहळतो, त्यालाच तो चुकीचा समजला आहे.

पडद्यावरच्या ट्युरिंगला विनोद कळत नाही, जेवायला बोलावलेलं कळत नाही, सहकाऱ्यांना तो मूर्ख समजतो आणि सहकारी त्याचा राग करतात. त्याला ऑटिझम होता का, असा प्रश्न त्यामुळेच येतो. तसं निदान त्याच्या हयातीत कधी झालं नव्हतं, आणि आता दुरून करण्यात अर्थ नाही. ब्लेचलीत त्याला सगळे प्रेमाने 'प्रोफ' म्हणत. तो लाजाळू होता, बोलताना अडखळायचा, कपड्यांकडे लक्ष नसायचं. पण विनोदी होता, आणि नवख्यांना समजावून सांगताना त्याचा धीर सुटत नसे, असं त्याच्यासोबत काम केलेल्यांनी लिहून ठेवलं आहे.

विक्षिप्तपणा होता, आणि तो चित्रपटातल्यापेक्षा कितीतरी मजेशीर होता. परागकणांची ॲलर्जी म्हणून तो उन्हाळ्यात गॅस मास्क घालून सायकल चालवायचा. सायकलची साखळी ठरावीक फेऱ्यांनंतर निसटायची, तर दुरुस्त करण्याऐवजी तो फेऱ्या मोजायचा. चहाचा मग चोरीला जाऊ नये म्हणून रेडिएटरला साखळीने बांधायचा. युद्धात पैसा बुडेल या भीतीने चांदीच्या लगडी जंगलात पुरल्या आणि जागेची खूण सांकेतिक लिपीत लिहून ठेवली. नंतर त्याला स्वतःलाच त्या सापडल्या नाहीत! पटकथाकाराच्या हाती एवढं असताना त्याने ताटातले वाटाणे आणि गाजरं वेगळी करणारा यंत्रमानवासारखा माणूस का निवडला असेल, कोण जाणे.

धावणं मात्र खरं. १९४७ साली त्याने मॅरेथॉन २ तास ४६ मिनिटांत पूर्ण केली होती.

चर्चिलला पत्र लिहून त्याने तुकडीचं प्रमुखपद मिळवलं?

पत्र खरं, कारण वेगळं. २१ ऑक्टोबर १९४१ च्या त्या पत्रावर ट्युरिंग, वेल्चमन, ह्यू अलेक्झांडर आणि स्टुअर्ट मिल्नर-बॅरी अशा चौघांच्या सह्या होत्या. मागणी एवढीच, की माणसं कमी पडत आहेत, द्या. मिल्नर-बॅरी स्वतः ते घेऊन डाउनिंग स्ट्रीटला गेला. चर्चिलने त्यावर 'आजच्या आज कार्यवाही' असा शेरा मारला. म्हणजे चित्रपटात जे सहकाऱ्यांविरुद्ध केलेलं राजकारण दिसतं, ते प्रत्यक्षात सहकाऱ्यांबरोबर केलेलं होतं.

जोन क्लार्क खरी होती का? तिने शब्दकोडं सोडवून नोकरी मिळवली?

जोन खरी. शब्दकोड्याची परीक्षा मात्र तिने दिली नाही. केंब्रिजमध्ये वेल्चमन तिला शिकवायचा, त्यानेच तिला १९४० मध्ये ब्लेचलीत आणलं. (कोड्यांवरून माणसं हेरण्याचा एक प्रयोग १९४२ च्या जानेवारीत 'डेली टेलिग्राफ' मार्फत झाला होता. दृश्याचं बीज तिथलं.) तिने केंब्रिजला गणितात पहिला वर्ग मिळवला होता, पण पूर्ण पदवी मिळाली नाही, कारण १९४८ पर्यंत ते विद्यापीठ स्त्रियांना ती देतच नव्हतं. ब्लेचलीतही गणिती स्त्रीसाठी वरच्या पगाराची श्रेणी नव्हती. मग तिला 'भाषातज्ज्ञ' म्हणून बढती दाखवली. फॉर्म भरताना 'पद : भाषातज्ज्ञ, येणाऱ्या भाषा : एकही नाही' असं लिहायला तिला मजा यायची. १९४४ मध्ये ती 'हट ८' ची, म्हणजे जर्मन नौदलाचे संदेश उलगडणाऱ्या विभागाची, उपप्रमुख झाली.

साखरपुडा १९४१ मधला. आपला ओढा पुरुषांकडे आहे हे ट्युरिंगने तिला काही दिवसांतच सांगितलं आणि ती तरीही डगमगली नाही. उन्हाळ्यात वेल्सच्या सहलीनंतर त्यानेच लग्न मोडलं. थप्पड, आरडाओरडा वगैरे चित्रपटाची भर. मैत्री पुढेही टिकली.

एक ताफा बुडणार हे माहीत असून त्यांनी खरंच गप्प बसायचं ठरवलं? आपल्याच एकाचा भाऊ जहाजावर असताना?

भावाचा प्रसंग काल्पनिक आहे. आणि कोणाला वाचवायचं, कोणाला नाही, हे चार गणितज्ञांनी टेबलाभोवती ठरवावं अशी व्यवस्थाच नव्हती. ती जबाबदारी सैन्याच्या आणि गुप्तहेर खात्याच्या वरिष्ठांची. जर्मनांना संशय येऊ नये म्हणून काळजी घेतली जायची हे खरं. उदाहरणार्थ, शत्रूच्या जहाजाची जागा संदेशातून कळली असली तरी आधी त्याच्यावरून टेहळणीचं विमान पाठवायचं, म्हणजे शोध विमानानेच लावला असं वाटावं.

सोव्हिएत हेर केर्नक्रॉस ट्युरिंगच्या तुकडीत होता?

जॉन केर्नक्रॉस ब्लेचलीत होता आणि हेरही होता, पण तो वेगळ्या विभागात होता. ट्युरिंगसोबत त्याने काम केलं नाही. चित्रपटात तो ट्युरिंगला धमकावतो, 'माझं गुपित फोडलंस तर तुझं फोडीन', आणि ट्युरिंग काही काळ तोंड बंद ठेवतो. हे अक्षम्य आहे. समलैंगिक माणूस ब्लॅकमेलला बळी पडतो, म्हणून तो देशासाठी धोकादायक, असं म्हणूनच त्या काळात लोकांना नोकऱ्यांवरून काढलं जायचं. शिक्षेनंतर ट्युरिंगची गुप्त कामासाठीची परवानगीही अशीच काढून घेतली गेली. त्याच्या बाजूने उभं राहणाऱ्या चित्रपटाने तोच आरोप गोष्टीत खरा करून दाखवावा?

कमांडर डेनिस्टन खलनायक होता का?

अजिबात नाही. ब्लेचलीचा सुरुवातीचा प्रमुख, पहिल्या महायुद्धापासून या कामात मुरलेला अधिकारी. प्राध्यापकांना ब्लेचलीत आणण्याची योजनाही त्याची, आणि पिरीच्या भेटीला तो हजर होता. गोष्टीला खलनायक हवा होता, तो बिचारा सापडला.

अटक कशी झाली?

चित्रपटात एक पोलीस अधिकारी त्याला हेर समजून मागे लागतो. प्रत्यक्षात ट्युरिंग स्वतःच पोलिसांकडे गेला. जानेवारी १९५२ मध्ये विल्म्सलोच्या त्याच्या घरात चोरी झाली. अर्नल्ड मरे या १९ वर्षांच्या तरुणाशी त्याचे संबंध होते आणि चोर मरेच्या ओळखीचा निघाला. चौकशीत ट्युरिंगने हे संबंध लपवले नाहीत. त्यात काही गैर आहे असं त्याला वाटतच नव्हतं, त्यामुळे त्याने जबाबही सरळ लिहून दिला. खटला चालला तो १८८५ च्या कायद्याखाली, ज्याखाली ऑस्कर वाइल्डला तुरुंगात टाकलं होतं. तुरुंग की हार्मोनचे उपचार, यांतून त्याने उपचार निवडले. वर्षभर स्त्री-हार्मोन दिले गेले आणि त्याच्या शरीरावर परिणामही झाले.

पण शेवटच्या प्रसंगात दिसतो तसा तो थरथरत, साधं कोडं सुटेना म्हणून रडत बसला नव्हता. प्राण्यांच्या अंगावर ठिपके आणि पट्टे कसे उमटतात याचं गणित मांडणारा त्याचा निबंध याच १९५२ मध्ये प्रसिद्ध झाला. जीवशास्त्रज्ञ आजही तो वापरतात.

मृत्यू कसा झाला? सफरचंदाचं काय?

७ जून १९५४ ला, सायनाइडने, वयाच्या ४१ व्या वर्षी. हार्मोनचे उपचार संपून तेव्हा वर्षाहून अधिक काळ झाला होता. चौकशीत आत्महत्या असा निष्कर्ष निघाला. बिछान्याजवळ अर्धवट खाल्लेलं सफरचंद होतं, पण त्याची तपासणी कोणी केलीच नाही. घरात सायनाइड होतं कारण तो धातूचा मुलामा देण्याचे प्रयोग करायचा, आणि त्याच्या आईचा शेवटपर्यंत विश्वास होता की हा अपघातच. ॲपल कंपनीच्या चिन्हाचा याच्याशी काही संबंध नाही. चिन्ह काढणाऱ्यानेच तसं सांगितलं आहे.

सरकारने माफी मागितली का?

२००९ मध्ये पंतप्रधान गॉर्डन ब्राउन यांनी जाहीर माफी मागितली. २४ डिसेंबर २०१३ ला राणीकडून मरणोत्तर क्षमा मिळाली. क्षमा कोणी कोणाला करायची हा प्रश्न तेव्हाही विचारला गेला. त्याच कायद्याखाली दोषी ठरलेल्या हजारो इतरांना २०१७ पर्यंत थांबावं लागलं. त्यांनी एनिग्मा फोडलं नव्हतं ना. २०२१ पासून ५० पौंडांच्या नोटेवर ट्युरिंगचा चेहरा आहे.

याचा भारताशी काही संबंध?

आहे, आणि जवळचा. ट्युरिंगचे वडील ज्युलियस मद्रास इलाख्यात आयसीएस अधिकारी होते. आई एथेल सारा यांचा जन्म कोइमतूरजवळच्या पोदनूरचा, त्यांचे वडील मद्रास रेल्वेत मुख्य अभियंता. थोरला भाऊ जॉन कुन्नूरला जन्मला. ॲलनचा जन्म लंडनचा, पण आईवडील इकडे नोकरीवर, त्यामुळे दोघं मुलं इंग्लंडमध्ये परक्या कुटुंबात वाढली. युद्धात दिल्लीच्या आनंद पर्बतवर ब्लेचलीशी जोडलेलं एक केंद्र जपानी संदेशांवर काम करत होतं.

आणि कायदा. इंग्रजांनी १८६० च्या दंडसंहितेत घातलेलं कलम ३७७ त्याच मानसिकतेचं. ब्रिटनने स्वतःचा कायदा १९६७ पासून सैल केला. आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना त्या कलमातून मोकळं केलं ते ६ सप्टेंबर २०१८ ला, म्हणजे चित्रपट आल्यावर चार वर्षांनी.

युद्ध दोन वर्षं लवकर संपलं, हे खरं मानायचं का?

हा अंदाज हॅरी हिन्स्ली या इतिहासकाराचा. तो स्वतः ब्लेचलीत होता, म्हणून त्याला वजन आहे. पण हा अंदाज सगळ्या संदेशवाचनाबद्दल आहे, एकट्या ट्युरिंगबद्दल नाही. 'एक कोटी चाळीस लाख जीव वाचले' हा चित्रपटाच्या शेवटी येणारा आकडा त्यावरून केलेला गुणाकार समजा.

त्याच ठिकाणी बॉम्ब यंत्राचा आणि संगणकाचा धागा जोडला आहे, तोही सैल आहे. संगणकाची कल्पना ट्युरिंगच्या १९३६ च्या निबंधात आहे, युद्धाच्या तीन वर्षं आधी. आणि ब्लेचलीतलं इलेक्ट्रॉनिक यंत्र म्हणजे टॉमी फ्लॉवर्सचं 'कोलोसस'. ते एनिग्मासाठी नव्हे, लोरेंझ या वेगळ्या जर्मन यंत्रासाठी होतं.

एवढ्या चुका असतील तर पाहावा का?

पाहावा. कंबरबॅचचं काम आणि अलेक्झांडर देस्प्लाचं संगीत यांसाठी, आणि या चित्रपटामुळे ट्युरिंगचं नाव गणिताच्या वर्गाबाहेर गेलं म्हणूनही. फक्त त्याला चरित्र समजू नका. ते हवं असेल तर हॉजेस वाचा. जाड आहे, वेळ लागेल.

ब्लेचली पार्क पाहता येतं का?

येतं. लंडनच्या यूस्टन स्थानकावरून रेल्वे आहे आणि ब्लेचली स्थानकातून पायी जाता येतं. युद्धानंतर बॉम्ब यंत्रं मोडून टाकली होती. एक चालतं यंत्र उत्साही लोकांनी नव्याने बांधलं, ते आता त्याच आवारातल्या संगणक संग्रहालयात आहे. त्याचं तिकीट वेगळं काढावं लागतं आणि ते रोज उघडं नसतं, तेव्हा निघण्याआधी वेळा पाहून घ्या.